गॅस बारीक करायला कोण उठलं

आई, तुला जाऊन सतरा वर्षं झाली, आणि आज रविवारच्या दुपारी इकडे परदेशात, स्टॅनमोरच्या या स्वयंपाकघरात मी तुला लिहायला बसले आहे. आठवडाभर हॉस्पिटलात वॉर्डवर उभं राहून पायांचे तुकडे पडलेत. तुझ्या नातीने माझा डिजिटल कॅमेरा फोडून गुपचूप ड्रॉवरमध्ये ठेवला होता. ओरडायचंही त्राण नव्हतं, म्हणून डाळ शिजत ठेवली आणि तिला तुझी गोष्ट सांगितली.

तुझी कसली, इंफाळच्या घरमालकीणबाईंची! बाबांची तिकडे बदली होती तेव्हा आपण त्यांच्या चुलीभोवती बसायचो. चुलीपाशी सांगायच्या त्या गोष्टींना तिकडे फुंगा वारी म्हणतात. घरात कुणी आगळीक केली तर बाई नाव घ्यायच्या नाहीत, सगळ्यांना मिळून एक गोष्ट सांगायच्या. ज्याचं त्याला कळायचं. तो मुकाट्याने उठून चुलीत लाकूड सारायचा आणि विषय मिटायचा. शेजारची मोठी माणसंसुद्धा तशी उठलेली मी पाहिली आहेत. तू ती रीत पुण्याला आणलीस. चूल नव्हती, म्हणून चुकलेल्याने गॅस बारीक करायला उठायचं.

इंफाळहून निघताना बाईंनी तुला स्वतः विणलेली शाल दिली होती. ती इस्त्रीने जळली त्या संध्याकाळी तू दोन बहिणींची गोष्ट सांगतेस. एक बहीण दुसरीची माशांची टोपली पळवते. वाटेत टोपली जड होत जाते, आणि 'ही तुझी' असं म्हणेपर्यंत डोक्यावरून उतरतच नाही. कुकरची शिट्टी होते. मी फरशीकडे बघत बसते. शेवटी माझा धाकटा भाऊ उठतो आणि गॅस बारीक करतो. इस्त्रीला त्याने हातही लावला नव्हता. भित्राच तो, ती शांतता त्याला सोसवली नसणार. तू त्याला काही बोलली नाहीस.

पुढच्या आठवड्यात तू तीच गोष्ट पुन्हा सांगितलीस. नंतरही कितीदा तरी. आईला दुसरी गोष्टच येत नाही, म्हणून मी हसायचे.

आज लेकीने गोष्ट अर्ध्यातच तोडली. "पण आई, ती सरळ सांगत का नाही? It's so heavy!" मग स्वतःच उठली, गॅस बारीक केला. "स्क्रीन मी तोडला. माझा चूक आहे, सॉरी." आणि गेली टीव्ही बघायला. मला तिचा हेवा वाटला, आई. अकरा वर्षांची पोर ती! तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. तुला ठाऊक होतं. धाकटा उठला तरी तू माझी वाट बघत होतीस.

धाकट्याला फोन करायला कॉलिंग कार्ड आणून ठेवलंय, त्यावरचा नंबर अजून खरवडलेला नाही. आज करेन. हे पत्र कुठे टाकणार, रेसिपीच्या वहीतच राहील. शाल मी जाळली होती. गॅस लेकीने आधीच बारीक केलाय, तरी मी उठून एकदा बटणाला हात लावून आले.