चाकाखालची जमीन

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा कात्र्या-सुऱ्यांना धार लावणे, माझी शेवटची इच्छा स्वतःच्या हाताने लिहून ठेवतो. मी पूर्ण शुद्धीवर आहे, डॉक्टरांनी तसे पत्र दिले आहे. कोणाच्या धाकाने लिहीत नाही. धाक घालणारे होते, पण ते आता माझ्याहून हळू चालतात. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेले नाही, कारण मरायची घाई नव्हती.

१. राहते घर, म्हणजे पुढची दुकानाची खोली, मागचे स्वयंपाकघर आणि वरचा माळा, माझ्या बहिणीच्या धाकट्या मुलीला द्यावे. ती मोटारी दुरुस्त करते, काळ्या हातांनी येते आणि "मामा, चहा टाक" म्हणून माझ्याच खुर्चीत बसते. माळ्याचे छप्पर कुठे गळते ते तिला माहीत आहे. हे मृत्युपत्र अमलात आणण्याचे कामही तिचेच.

२. पायाने फिरवायचे धारेचे यंत्र, कानशी आणि तेलाचे डबडे शेजारच्या शिंप्याला. जन्मभर "किती वेळ लावता हो" म्हणून माझ्या डोक्यावर बसला. आता स्वतः लावून बघावे.

३. बहिणीला माझी सर्वांत चांगली कात्री. मी वरच्या आळीचा, बायको खालच्या आळीची. दोन्हीकडचे देव वेगळे, प्रार्थना वेगळ्या. आम्ही लग्न केले तेव्हा बहिणीने नाते तोडले, म्हणून कात्री तिच्या हाताला बसेल. हे वाचून भाचीने नाक मुरडले. "आई रोज तुझी चौकशी करते, मामा," म्हणाली. मग तिने माझ्याकडे येऊन करावी.

४. आता मागच्या अंगणाविषयी. ते माझ्या नावावर आहे, पण त्याला कोर्टाचे कुलूप आहे, आणि माझ्याच मागच्या दाराला बाहेरून फळ्या ठोकल्या आहेत. त्या अंगणात आमची मुलगी आहे.

ती जन्मली आणि एक रात्र जगली. तिला घेऊन मी खालच्या आळीच्या दफनभूमीत गेलो. तिथला राखणदार म्हणाला, "बाप वरचा ना? मग वर न्या." वर गेलो, तर ते म्हणाले, "आईला आधी आपल्यात येऊ दे, मग बघू." लेकरू माझ्या हातात होते. घरी परतलो तेव्हा बायको दाराला धरून उभी होती. म्हणाली, "आता कुणाच्या दारात जाऊ नका. ती आपल्या घरीच राहील."

मी अंगणात खणले. बायकोने स्वतःची पिवळी शाल फाडून तिला गुंडाळले. कुत्र्यांनी उकरू नये म्हणून मी वर माझ्या यंत्राचे झिजलेले दगडी चाक ठेवले. चाकाच्या मधल्या भोकात बायको रोज संध्याकाळी दिवा लावायची. तिथे जे आहे ते एवढेच.

पुढे एका शेजारणीने आजारी मुलासाठी त्या दिव्यापुढे हात जोडले आणि मुलगा बरा झाला. मग तिची जाऊ आली, मग तिची आळी, मग दुसरी आळी. बायकोला सुरुवातीला बरे वाटायचे. "आपल्या पोरीकडे माणसं येतात," म्हणायची आणि आलेल्यांना पाणी द्यायची. मग वरच्यांनी ठरवले की खाली त्यांचा कोणी जुना साधुपुरुष आहे. खालच्यांनी ठरवले की ते चाक त्यांच्या देवाचे आसन आहे.

वरच्यांच्या पुढाऱ्याला त्याच्या भाषणांमुळे सगळे घसा म्हणतात. मी त्याला सांगितले, "अहो, ते माझ्या यंत्राचं चाक आहे. खाली माझी मुलगी आहे." त्याने डोळे मिटले आणि म्हणाला, "ते तुमच्या हातून ठेववून घेतलं गेलं." खालच्यांच्या पुढाऱ्याने, गोडबोल्याने, तर मला जवळ बसवून समजावले, "दुःखात माणसाला असे भास होतात." ज्या दोन दारांतून माझी पोर परत आली, तिथलीच माणसे आता तिच्यासाठी एकमेकांची डोकी फोडू लागली. त्या मारामारीत बेकरीवाल्याचा थोरला मुलगा गेला, आणि कुलूप लागले. मला त्या मुलाचे फार वाईट वाटते. बायकोने दिवा माळ्याच्या खिडकीत ठेवायला सुरुवात केली, तर दोन्हीकडून तक्रार आली.

५. बायको गेली. तिला पोरीजवळ राहायचे होते. कोर्टाने नाही म्हटले. घसा आणि गोडबोल्या दोघेही दारात हजर झाले, दोघांनाही ती आता मातोश्री म्हणून हवी होती. मी दोघांना वाटेला लावले. तिला पुलापलीकडे, नगरपालिकेच्या जमिनीत, बेवारस माणसांत ठेवले. तिथला खणणारा काही विचारत नाही.

मुलीला काढून तिच्या आईजवळ नेऊ द्या, असा मी अर्ज केला. दोन्ही पक्षांनी मिळून हरकत घेतली. एवढ्या वर्षांत त्यांचे एकमत झालेले मी तेवढेच पाहिले.

भाचीने तो अर्ज चालू ठेवावा. परवानगी मिळाली तर यंत्राने खणू नये, हाताने, गुडघ्याइतके खणावे. जे हाती येईल ते कोणी मोजू नये, तपासायला नेऊ नये. ते सरळ आईकडे न्यावे. त्यानंतर अंगण, चाक आणि तो रिकामा खड्डा मी दोन्ही आळ्यांना समान वाटून देतो. वकील म्हणाले, "असं लिहू नका, पुन्हा भांडतील." भांडू देत. त्यात माझी पोर नसेल.

६. मला पुलापलीकडे बायकोच्या शेजारी ठेवावे, पण अगदी लगत नको. परवानगी येवो न येवो, आमच्या दोघांत जागा सोडावी. भाचीने विचारले, "किती सोडू, मामा?" मी हात पुढे केला आणि कोपरापासून बोटांच्या टोकांपर्यंत दाखवला. ती एवढीच होती.

वरील मजकूर मी दोन्ही साक्षीदारांना वाचून दाखवला आणि त्यांच्यादेखत सही केली. त्यांनीही माझ्यासमोर सह्या केल्या.

सही: धारवाला
साक्षीदार: १. डॉक्टर २. समोरचा न्हावी
ठिकाण: दुकानाची खोली
दिनांक: नऊ मार्च