तेलाचा वास

अलाताऊ डोंगर,
४ ऑक्टोबर १९७४

चिरंजीव उल्बिके हिस,

तीनशे ताऱ्यांचे पत्ते तुला तोंडपाठ, आजीचा तेवढा आठवत नाही! शेवटचं पत्र उन्हाळ्यात आलं. वेधशाळेत ताऱ्यांच्या फोटोंच्या काचा धुणारी कामका लिहून घेतेय. अक्षर बिघडलं तर तिचं, बोलणं बिघडलं तर माझं.

आम्ही खुशाल. गाय आटलीय, बर्फ अजून वरच्या खिंडीतच आहे. वीस वर्षांनी एकदा काळवंडणारा तुझा तारा यंदा सलग बारा रात्री काचांवर उतरला. त्या काचांची पेटी तुझ्याकडे क्रिमियाला निघालीय.

घुमट आता नवा माणूस उघडतो. चाक ढकलताना घामाघूम होतो. तुझे आजोबा नुसते खाकरले तरी घुमट सरकायचा.

कामका म्हणते, "आजी, सांगून टाका की." सांगते गं, तू डोळे पूस आणि लिही.

त्या बारांतली पहिली रात्र यायची होती, त्याच दुपारी तुझे आजोबा घुमटाच्या शिडीवरून उतरले, चहा मागितला, आणि चहा निवायच्या आत गेले.

मयताच्या घरी दिवस मावळताना पीठ मळून सात शेल्पेक तेलात तळायचे, त्या वासाने गेलेल्याचं पोट भरतं. पण माझी चूल घुमटाच्या पायथ्याशी, आणि मावळतीला घुमट उघडला की धूर बंद, हा नियम त्यांचाच. किती वेळा माझी चूल विझवली त्यांनी! वेधशाळेचे थोरले साहेब म्हणाले, "आजी, आज घुमट बंद ठेवतो, तुम्ही तळा." मी म्हटलं, "ठेवा बंद, म्हणजे ते उठून उघडायला येतील." साहेब हसले नाहीत.

बारा दिवस तुझे आजोबा उपाशी राहिले, पोरी. काल ढग आले, घुमट उघडला नाही, तेव्हा तळले. पहिला करपला.

तुला तार मी करू दिली नाही. तूही तिथे त्याच ताऱ्यासाठी दुर्बिणीवर बसली होतीस. तार मिळताच निघाली असतीस, आणि तो पुन्हा काळवंडेपर्यंत सत्तेचाळीस वर्षांची झाली असतीस. घरात रडगाणं म्हणायला नात हवी होती. मी एकटीच म्हटलं, तेही बेसूर. साहेब म्हणतात, चुकलात. चुकले असेन. तुझ्या आजोबांना विचारायची सोय नाही, म्हणून तुला विचारते.

रागाव. पण गप्प बसू नकोस.

तुझा निरोप हिरावणारी,
तुझी आजी बाल्झान
(अंगठा)

ता. क. त्यांच्या चाळिसाव्या दिवसाला ये. जमलं नाही तर चहा आणि मनुका पाठव. हलवा मात्र पाठवू नकोस. तो आला की सवयीने मी त्यांना हाक मारीन.