लग्नाचं बाटिक आणि दामारची कात्री

तीर्थस्वरूप वुर्यानीताईस,

बांडुंगहून धाकट्या गुनार्तोचा गुडघे टेकून नमस्कार. (गुडघे दुखतात, तरी टेकलेत.) तुझा खोकला कसा आहे? दाजींचा करडा आवाज शाबूत असेलच. मुख्याध्यापक निवृत्त होतात, आवाज होत नाही.

आपल्या भाचीच्या, लारासच्या लग्नासाठी तू सोलोहून पाठवलेलं तपकिरी बाटिक पोचलं. सगळं घर याच कापडात फोटोला उभं राहील, नाहीतर येऊच नका, हा तुझा प्रेमळ निरोपही पोचला. मागच्या लग्नात भलत्याच रंगात आलेल्या चुलतभावाशी तू अजून बोलत नाहीस, हे मी विसरलेलो नाही. म्हणून तर पुढचं भीत भीत लिहितोय.

झालं असं, की कापड शिंप्याकडे न्यायचं काम आमच्या सौभाग्यवतींनी चिरंजीवांवर सोपवलं. दामार आता उद्योगपती आहे, कळलं असेलच. मित्राच्या गॅरेजात कपड्यांचा ब्रँड काढलाय, नाव 'रिकामटेकडा'. निदान नावात तरी प्रामाणिकपणा आहे. त्यांच्या एका टी-शर्टात दोघं सहज मावतात, पँटला घोट्यापर्यंत खिसेच खिसे (अंगकोट गाडीने फिरायचं भाडं मात्र माझ्या खिशातून), आणि भर दुपारी डोक्यावर लोकरीची टोपी. या कलावंतांनी तुझ्या बाटिकची जाकिटं शिवली, ताई. ढगळ, चेनवाली, मागे टोपी लोंबणारी. पाठीवर मोठ्ठ्या अक्षरांत भरतकाम : 'लग्न कधी करतोस, विचारू नका.' लग्नाला गेलं की प्रत्येक काका हेच विचारतो, ही पोराची तक्रार. माझ्याही पाठीवर तेच. माझं लग्न होऊन जन्म गेला.

मी तोंडाला येईल ते बोललो. तो शांतपणे म्हणाला, "बाबा, आत्याने कापड सांगितलं होतं. शिलाई कुठे सांगितली होती?" वकील करायला हवा होता मेल्याला.

लारासला मी खांद्यावर खेळवलंय गं. तिचं लग्न चुकणार या विचाराने जेवण जात नाही. येऊ की नको, तेवढं कळव.

तुझा,
गुनार्तो

ता. क. : जाकीट अंगात घालून पाहिलं, फक्त टाके तपासायला. लवंगी सिगारेटसाठी आतून खिसा आहे. अजून काढलेलं नाही, कारण इथे गारठा आहे.

आणखी ता. क. : तीन मीटर बाटिक ताबडतोब पाठव. मला नको. दाजींनी परवा दामारला फोन करून छातीचं माप दिलंय. पाठीवर त्यांना फक्त 'बायकोला विचारा' एवढंच हवंय. (हे मात्र तुला विचारू नको म्हणालेत.)