अब्दुस्समदशेटच्या शिडावरची बाई

रेवदंडा, शनिवार, माघ

तीर्थरूप भागोजीमामांच्या पायांवर येसूचे डोके. इकडे मी ठीक, तिकडे तुम्हीही ठीक असाल असे धरून चालतो. मामीचा गुडघा कसा आहे? धक्क्यापर्यंत चालवते का तिला? (घाई करू नये म्हणावे. गुडघा नाजूक असतो, असे चौलच्या वैद्याने मला तासभर सांगितले. मी गेलो होतो दाताकरता.) पत्रास कारण तसे काही नाही.

पालीच्या वखारीत तुम्ही लावून दिलेली नोकरी धरायला निघालो होतो, पण वाटेत रेवदंड्याला शिवदास भेटला. हा चित्रे काढतो, नाचतो, आणि मूकपटवाल्यांकडून हाताने फिरवायचे यंत्र घेऊन आला आहे. तिन्ही एकदम करायचे म्हणतो. शिडावर खवळलेल्या दर्याचे बाईसारखे तोंड रंगवायचे, त्यावर फिल्म पाडायची, पुढे आपण नाचायचे. याला म्हणतात काय, विचारले, तर म्हणाला अजून बारसे व्हायचे आहे. (तोंडाला नमुना मी पुरवला. ते असो.)

शीड अब्दुस्समदशेटच्या मचव्याचे. "भागोजीचा भाचा ना तू? मग ने. पण पुढच्या बुधवारी मचवा मुंबईला जायचा, त्याआधी धुऊन कोरं दे. बिघडलं तर भागोजीला पुसेन." म्हणजे तुमचा शब्द त्या शिडाला बांधलेला. रंग गेरू, चुना आणि कोळशाचे. कालवायचे तेल संपले, तेव्हा होड्यांच्या बुडाला लावतात ते माशाचे तेल मी आणले. शेटची बायको जहुराबी नाक धरून म्हणाली, "या अल्ला, तसवीर आहे की सुकट?"

रविवारी दिवेलागणीला खेळ झाला. फिल्ममध्ये शिवदास बुडत होता आणि पुढे खरा शिवदास त्याला वाचवायला नाचत होता. चंद्राबाई कोळीण ओरडली, "अरं मेल्या, मधून सर ना! तो बिचारा बुडतंय, आन् तुझ्यामुलं दिसत न्हाय!" बायका रडल्या. खेळ संपल्यावर चंद्राबाईने शिवदासलाच विचारले, "त्या पोराला आई हाय का रं?" तो दोन दिवस जेवला नाही.

मग धुणे. राख, रिठा, खारे पाणी, चार दिवस घासले. तोंड जास्तच चमकू लागले. माशाचे तेल होडीला पाणी लागू नये म्हणूनच लावतात, हे मला तिसऱ्या दिवशी सुचले. काल शेटने तसेच शीड चढवून खाडीत फेरी मारली. मी मारुतीच्या देवळामागे थांबलो होतो. शेट परतून म्हणाला, "समोरचे मचवे आपणहून बाजूला झाले. राहू दे बाईला." तुमचा शब्द राहिला.

आपला आज्ञाधारक,
येसू

ता. क. तुमच्या पेटीतला मामीचा फोटो शोधू नये, तो माझ्याकडे आहे. (फोटोवाल्याने "बाई, जरा हसा" म्हटल्यावर निघाला तोच.)

ता. क. २. मचवा बुधवारी दुपारी तुमच्या मुंबईच्या धक्क्याला लागेल. मामी नारळ घ्यायला त्याच मचव्यावर जाते. तरी तिचा गुडघा बुधवारी दुखेल असे करावे.

ता. क. ३. मचवा दर पंधरवड्याला येतो.