घरचीच गोलकीपर

अप्पा, तुमच्या स्मृतिस्पर्धेच्या पुस्तिकेत मी एक गोष्ट खोटी लिहिली. विभागाच्या फायनलला माझं बोट मुरगळलं होतं म्हणून तुम्ही मला बाहेर बसवलं, असं लिहिलं. माझी दहाही बोटं धड होती. तुमच्या नावाला धक्का नको म्हणून मी ते बोट कागदावर मुरगळलं, आणि छापून आल्यापासून ते वाक्य मला टोचतंय.

चिकलठाण्याच्या कंपनीच्या फुटबॉल टीमचे तुम्ही गोलकीपर. गुडघा गेल्यावर मुकुंदवाडीच्या मैदानावर मुलींना शिकवायला लागलात. मी मात्र त्याच्याही आधी शिकले, आपल्या स्वयंपाकघरात. दोन वाट्या म्हणजे गोलपोस्ट, लिंबू म्हणजे चेंडू आणि मिठाची डबी म्हणजे मी. "पुढं ये, अजून पुढं. तू पुढं आलीस की समोरच्याला गोल बारीक दिसतो," असं म्हणत तुम्ही डबी सरकवता, आणि आई मागून म्हणते, "गोल झाला असंल तर वाट्या द्या, वरण निवायलंय." औरंगपुऱ्यातून तुम्ही मला ग्लोव्हज आणले होते, एक नंबर मोठे. हात वाढतील म्हणालात. हात वाढले. त्या हातांनी मी तुमच्यासमोर सरावातच काय ते चेंडू अडवले.

फायनलच्या आदल्या दिवशी चहा पिताना स्पर्धेच्या समितीतले एक गृहस्थ तुम्हाला हसत म्हणाले, "काय कोच, घरचीच टीम उतरवता का?" तुम्हीही हसलात. सकाळी यादीत माझ्या नावापुढं 'राखीव' होतं. तुमच्याबरोबर कंपनीत डिफेन्सला खेळलेले चाचा मैदानाच्या कडेला तुमच्याशी भांडले. "अरे भाई, बच्ची कू खिलाव ना! लोगां तो बोलतेच रहते." तुम्ही एवढंच म्हणालात, "माझी पोरगी आहे, म्हणून तर." गोलमध्ये तुम्ही डिफेन्समधली एक मुलगी उभी केलीत. ती बिचारी रेषा सोडून पुढं यायलाच घाबरत होती. आपण हरलो. तिला कुणी बोललं नाही, तुम्हालाही नाही. उलट कोच किती निःपक्षपाती, असं दोघांनी तुमच्या पाठीवर थाप मारून सांगितलं. मी बाकावरून ती थाप पाहिली.

येताना स्कूटरवर तुम्ही पुन्हा त्या पोर्तुगालच्या गोलकीपरची गोष्ट सांगितलीत. मोठ्या क्लबात तो कित्येक वर्षं राखीव बसला, एका शब्दानं कुरकुरला नाही, बाकावरून खेळ वाचायला शिकला आणि पुढं मॅनेजर, म्हणजे टीमचा मुख्य कोच झाला. कुठल्याशा कात्रणात वाचलेली ही गोष्ट तुम्ही मला इतक्यांदा सांगितली की ती मला शाळेतल्या प्रार्थनेसारखी पाठ झाली. मी बारावीत असताना तुम्ही गेलात, तोपर्यंत मी राखीवच होते.

नंतर त्या माणसाबद्दल मिळेल ते सगळं मी वाचून काढलं. तो राखीव बसला, हे खरं. पण एक दिवस तो आपण होऊन तो मोठा क्लब सोडून लहान क्लबात गेला, कारण तिथं खेळायला मिळणार होतं. पुढं बरीच वर्षं तो गोलमध्ये उभा राहिला, त्यानं गोल खाल्ले, प्रेक्षकांच्या शिव्या खाल्ल्या, आणि मग मॅनेजर झाला. मॅनेजर म्हणूनही त्याला काढून टाकलं, तरी पुन्हा कुठंतरी उभा राहिला. नुसतं गप्प बसला म्हणून त्याला कुणी काही दिलं नव्हतं. कात्रणात तेवढंच छापलं होतं की तुम्ही मला तेवढंच सांगितलंत, हे मला माहीत नाही. कात्रण सापडत नाही, म्हणून आरोप करत नाही. राग मात्र आहे.

आता त्याच मैदानावर मी कोच आहे. दादाची मुलगी गोलमध्ये उभी राहते. तिच्याइतकी चांगली आमच्याकडे दुसरी कुणी नाही. मी तिची आत्या, म्हणून माझ्या मतावर न थांबता चाचांनाही दोनदा विचारलं. गेल्या आठवड्यात एका मुलीची आई सहज हसत म्हणाली, "मॅडम, तुमच्या भाचीचं तर फिक्सच असंल." मी घरी आले आणि यंदाच्या स्पर्धेच्या यादीत भाचीच्या नावापुढं 'राखीव' लिहिलं. तसंच समितीकडं देऊनही आले.

काल सराव संपल्यावर ती समोर उभी राहिली. पुस्तिका तिनं वाचलेली. "आत्या, तुझं बोट तरी मुरगळलं होतं. माझं काय मुरगळलंय?"

खरं सांगायची ती वेळ होती. मी म्हणाले, "तू घरची आहेस. समजून घे."

"मंग मी घर बदलू व्हय?" असं म्हणून ती बूट हातात घेऊन अनवाणीच रस्त्याकडं निघून गेली.

हे पत्र कुठं टाकायचं, असा प्रश्नच नाही. वहीतच राहील. पण एक कबूल करते. तिला खेळवायचंय ते ती चांगली आहे म्हणून की तुम्हाला खोटं पाडायचंय म्हणून, हे मला नीट सांगता येत नाही. आणि त्या बाईच्या हसण्याची मला अजून भीती वाटते. यादी बदलायला गुरुवारी दुपारपर्यंत मुदत आहे. ती बाई पोरीला सरावाला सोडायला येते तेव्हा, तिच्यासमोरच, मी नव्या यादीत भाचीचं नाव पहिल्या गोलकीपरच्या जागी लिहून सही करणार आहे. येत्या गुरुवारी, सकाळी सात वाजता.