बोळातली तुळस

अण्णा, तुमच्या धाकट्या चिरंजीवांवर मी कोर्टाच्या अवमानाचा अर्ज टाकला. डोळे वटारू नका, आधी पुरतं ऐकून घ्या. तुमच्यामागे बनशंकरी भागातल्या आपल्या घरात खालचा मजला त्याचा, वरचा माझा आणि जिन्याकडे जाणारा बोळ दोघांचा, हे कोर्टानंच ठरवून दिलं होतं. तरी यानं बोळाच्या फाटकाला कुलूप ठोकलं आणि मी भाड्याच्या खोलीत. कोर्टानं खडसावल्यावर कुलूप काढलं खरं, पण काय केलं असेल या दीडशहाण्यानं? बोळाच्या मधोमध सिमेंटचं तुळशीवृंदावन आणून बसवलं! अंग चोरूनही जाता येईना. आता तुळशीला हात कोण लावणार? कोर्टाचा बेलिफ आला, चपला काढून नमस्कार केला आणि परत गेला. मला संताप आला आणि खरं सांगते, हसूही आलं.

तुम्ही जन्मभर सिव्हिल कोर्टात कारकुनी केलीत. शेजाऱ्यांनी कंपाउंडच्या भिंतीवरून केस घातली आणि आपण हरलो, त्यानंतरचा रविवार मला अजून दिसतो. तुम्ही बनियनवर, पहारीनं स्वतःच भिंत पाडताय, मी घमेलं उचलतेय. हा म्हणतो, "अण्णा, खालचे थर राहू देत की, कोण बघतंय?" तुम्ही पहार खाली ठेवलीत. "पटेल तेवढाच हुकूम पाळायचा नसतो रे." मग शेवटचा थरही पाडलात आणि स्वयंपाकघरात बसून सार-भात जेवलात. तोंड एवढंसं झालं होतं तुमचं. त्या दिवशी तुमच्याबद्दल फार माया वाटली मला.

गेल्या तारखेला जज्ज म्हणाले, पुढच्या वेळी वाट मोकळी दिसली नाही तर याला तुरुंगात पाठवीन. माझे वकील खूश. मी मात्र बघत होते, यानं जोडलेले हात खाली घेतलेच नाहीत. बाहेर व्हरांड्यात मला गाठून म्हणतो, "अक्का, मीच बसवली गं, पण आता हलवायची भीती वाटते. पोरांना काही झालं तर?" असा हा तुमचा वाघ!

"मूर्खा," म्हटलं, "घरी चल. हळदकुंकू काढ."

दिवा लावला, दोघांनी तुळशीची क्षमा मागितली आणि वृंदावन पोत्यावर घेऊन परसात ओढत नेलं. "स्वल्प, जरा इकडे, अक्का, तुझी बोटं सांभाळ," असं हा सारखं म्हणत होता. किती वर्षांनी माझ्याशी इतकं बोलला. मला रडू आवरेना.

काल कोर्टात यानं माफी मागितली. जज्जांनी मला विचारलं, "यांनी स्वतः आदेश पाळला ना?" मी म्हटलं, "हो, स्वामी, यानं एकट्यानंच."

हे पत्र तुमच्यापर्यंत पोचणार नाही तेच बरं. अण्णा, कोर्टात उभी राहून मी खोटं बोलले. अर्धं वजन माझ्या हातात होतं.