हरकत कोणीच घेतली नाही

आनंदा,

भाकरी टोपलीत आहे, भरीत झाकून ठेवलंय. पुढचं तुझ्या बायकोने, मयुरीने बघावं. मी कालप्रवास कचेरीत गेलेय, परत येणार नाही.

कचेरीने महिनाभर आपल्या दाराच्या खिळ्याला नोटीस लावली होती. शोभाच्या मागे जाण्याला घरातल्या कोणाची हरकत असेल तर येऊन सांगा, परवाना रद्द करू. त्याच खिळ्याला तू रोज डब्याची पिशवी अडकवलीस. मयुरीला म्हणालास, "आक्का गेली तर मधला पडदा काढता येईल." पडद्याआड माणूस झोपलं होतं, बाबा. काल कचेरीतला साहेब हसला, "बेन, घेरथी कोई आव्युं ज नहीं!" घरून कोणी आलंच नाही म्हणे.

आई मेली त्या साली मला शिरपूरचं स्थळ आलं होतं. तू चार वर्षांचा, म्हणून मी नाही म्हटलं, तुला सुरतेला आणलं, भेस्तानात लूमवर राबून वाढवलं. आता त्याच दिवशी परत जाऊन मी हो म्हणणार आहे. मग तुला कोण वाढवणार, ते कचेरी विचारत नाही. मीही विचारलं नाही.

तू माझा पदर धरून रडशील, ठाऊक आहे मला. या खेपेला मी तुझी मूठ सोडवून घेईन.

शोभाआक्का